पोअर कार्डावरची सहावी सही

सकाळचे सहा चाळीस. सातव्या मजल्याचा स्लॅब भरायचा होता. एम-30 काँक्रीट, 90 घनमीटर, म्हणजे सहा-सहाच्या पंधरा गाड्या. पंपाची लाइन जोडून झाली होती, पहिल्या दोन गाड्या प्लँटवरून सुटल्या होत्या. सर्व्हेअरने सहज टॉयलेटच्या डक्टपाशी टेप लावला आणि तिथूनच हाक मारली. कॉलमच्या तोंडापासून 750 मिमीवर हव्या असलेल्या स्लीव्ह, म्हणजे पाइपांसाठी स्लॅबमध्ये जागा राखणाऱ्या नळ्या, 450 वर बसल्या होत्या. चारही.

फिटरने प्लास्टिकच्या पिशवीतून ड्रॉइंग काढलं. "साहेब, आम्हाला हेच दिलंय." कोपऱ्यात आर-2, म्हणजे रिव्हिजन 2, लिहिलेलं. डक्ट सरकवलेलं आर-3 गुरुवारी रात्रीच साइटच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर आलं होतं आणि त्यावर प्लंबिंग ठेकेदाराचा अंगठाही होता. अंगठा म्हणजे फार तर ‘पाहिलं’. फिटरला सांगितलं, जुना कागद फाडला, असं त्यात काहीच येत नाही. पुढे सिमेंटच्या पावत्या, मजुरांची हजेरी आणि सुप्रभातची फुलं यांच्याखाली ते ड्रॉइंग गाडलं गेलं.

"आत्ता भरून घ्या, नंतर कोअर कटिंग करू," हा सल्ला अशा वेळी हमखास येतो. स्लॅबला गोल भोक पाडणारं कोअर बिट सळई बघत नाही. शिवाय टॉयलेटच्या स्लॅबला मागाहून पाडलेलं भोक बहुतेकदा खालच्या घराच्या छताला ओल आणतं. पंप थांबवला, प्लँटला फोन करून पुढच्या गाड्या रोखल्या.

निघालेल्या दोन गाड्यांचं काय? आयएस 4926 या रेडी-मिक्स काँक्रीटच्या भारतीय मानकाप्रमाणे गाडी भरल्यापासून दोन तासांत रिकामी व्हायला हवी. शेजारच्या विंगच्या प्लिंथ बीमला हाच ग्रेड होता आणि तिथलं पोअर कार्ड, म्हणजे काँक्रीट भरण्याआधीच्या तपासणीच्या सह्यांचा कागद, आदल्या दिवशीच सह्या होऊन पडलं होतं. 12 घनमीटर माल तिकडे उतरवला.

वर स्लीव्ह सुटल्या. जुन्या जागच्या कापलेल्या 10 मिमी सळयांना लॅपचे, म्हणजे दोन्ही टोकांवर चढणारे, तुकडे बांधले. नव्या जागी जितक्या कापल्या तितक्याच जादा सळया दोन्ही बाजूंना टाकल्या, कडेपलीकडे निदान 450 मिमी जातील अशा. स्ट्रक्चरल कन्सल्टंटने फोटो पाहून होकार दिला. स्लीव्हमध्ये गोणपाट कोंबून त्या प्लायला खिळ्यांनी पक्क्या केल्या, नाहीतर व्हायब्रेटरची नीडल जवळ आली की त्या सरकतात. साडेनऊला पंप सुरू झाला.

ग्रुप बंद केला नाही. तो बंद होतही नाही. पण ड्रॉइंगचा बदल आता फक्त एका शीटमध्ये नोंदतात: कुठला मजला, काय बदललं, कोणाकडे, कधीपर्यंत. नवा कागद हातात देताना जुना परत घ्यायचा, मगच नोंद बंद. पोअर कार्डावर सेंट्रिंग, स्टील, इलेक्ट्रिकल, सर्व्हे आणि क्वालिटी अशा पाच सह्या होत्या. सहावी प्लंबिंगची, आणि ती ठेकेदाराची चालत नाही. टेप लावणाऱ्या फोरमननेच करायची, शेजारी ड्रॉइंगचा रिव्हिजन नंबर आणि दोन दिशांची मापं लिहून. आदल्या दिवशी दुपारी चारपर्यंत सहा सह्या नसतील तर काँक्रीटची ऑर्डर जात नाही.

आठव्या मजल्याला इलेक्ट्रिकलची सही अडली. दोन फॅन बॉक्स राहिले होते. मालकांची कुरकुर झाली आणि स्लॅब एक दिवस उशिरा भरला.