भाडेकरू म्हणून कोण चालते?

रविवार, कोथरूड

आज सोसायटीच्या सभेत तळमजल्यावरच्या रिकाम्या फ्लॅटचा विषय निघाला. मणिपूरच्या दोन मुली, एक विद्यार्थिनी आणि दुसरी परिचारिका, तो अकरा महिन्यांच्या करारावर घ्यायला तयार आहेत, पोलीस पडताळणीची कागदपत्रेही त्यांनी दिली आहेत. तरीही ‘आपल्याकडे फॅमिलीलाच देतात’ असे म्हणून विषय मिटवायचा प्रयत्न झाला. तो जमेना, तेव्हा स्वयंपाकाच्या वासाची तक्रार पुढे आली. सोयाबीन आंबवून केलेल्या हवाईजारला उग्र दर्प असतो, हे खरे आहे. पण पावसाळ्यात आमच्या जिन्यात सुकट भाजल्याचा वास भरून राहतो, आणि त्याविरुद्ध आजवर कोणी अवाक्षर काढलेले नाही.

विरोध करणाऱ्यांपैकी काहींची मुले अमेरिकेत, न्यू जर्सीत स्थायिक आहेत, आणि तरीही ते असे वागतात, याचे मला फार वाईट वाटले. त्याच न्यू जर्सीत १९८७ साली भारतीय स्त्रियांच्या कपाळावरच्या कुंकवावरून स्वतःला ‘डॉटबस्टर्स’ म्हणवणाऱ्या टोळीने, भारतीयांना जर्सी सिटीतून हुसकावून लावू, अशी धमकी स्थानिक वृत्तपत्राला पत्र लिहून दिली होती. आणि त्याच वर्षी शेजारच्या होबोकेनमध्ये नवरोज मोदी या पारशी तरुणाचा तिथल्या पोरांनी मारहाण करून जीव घेतला. आपल्या लेकरांसाठी ज्यांचा जीव आजही टांगणीला लागतो, त्यांना या मुलींच्या आईवडिलांची काळजी कळू नये?

आपल्या शहराचेही असेच. ऑगस्ट २०१२ मध्ये हल्ल्यांच्या आणि अफवांच्या भीतीने ईशान्येकडची कितीतरी मुले पुणे स्टेशनवर गाठोडी घेऊन गाड्यांची वाट पाहत होती. फाळणीनंतर आलेल्या सिंधी निर्वासितांना पिंपरीत थारा देणारे हेच आपले पुणे.

भाडेकरू ठेवायला सोसायटीचे ना हरकत पत्र लागते, हा सभेतला मुद्दा तर मुळातच गैरलागू आहे. गृहनिर्माण संस्थांसाठीच्या आदर्श उपविधींप्रमाणे, म्हणजे नमुना नियमांप्रमाणे, सदनिका भाड्याने देण्यासाठी संस्थेची पूर्वपरवानगी लागत नाही. सभासदाने फक्त कळवायचे असते. हे मी सांगितले, तेव्हा शेजारच्या काकू म्हणाल्या, “अहो, नियम ठीक आहेत, पण उद्या काही झाले तर?” काय होईल, हे मात्र कोणालाच सांगता आले नाही.

निर्णय पुढच्या सभेवर ढकलला गेला, आणि तोवर मुलींना काहीच कळवू नये असे ठरले. माझा विरोध मी इतिवृत्तात नोंदवून घेतला आहे. मालकीणबाई निवृत्त शिक्षिका आहेत आणि मनाने तयार आहेत. उद्या सकाळी उपविधींची प्रत घेऊन मी त्यांच्याकडे जाणार आहे, कारण त्या मुलींना महिनाअखेर वसतिगृह सोडायचे आहे.