एकदाच आणि लास्ट

मंगळवार, रात्रीचे साडेअकरा

ओटा पुसून झाला, उद्याची भाजी निवडून झाली, बाहेर पाऊस नुसता पिरपिरतोय आणि मला झोप येत नाहीये, कारण संध्याकाळी भाचीने डोकं खाल्लंय. बहिणीची मुलगी, नाशिकहून इंटर्नशिपसाठी आलीये, दोन महिने आमच्याकडेच मुलुंडला. लोकलमध्ये उभ्याने, एका हाताने वरची कडी धरून दुसऱ्या हातातल्या मोबाईलवर प्रेमकथा वाचते. यांचं बरं असतं, पुस्तक उघडायच्या आधीच त्यावर लेबल लावलेलं असतं, एनिमीज टू लव्हर्स, फेक डेटिंग, ओन्ली वन बेड. आपण कशी डब्यावर चिठ्ठी चिकटवतो तूरडाळ, मूगडाळ, तसं. आणि हिचं म्हणणं असं की सगळ्यात कंटाळवाणा डबा म्हणजे फ्रेंड्स टू लव्हर्स.

"मावशी, त्यात होतंच काय? दोघं एकमेकांना आधीपासून ओळखतात, भांडण नाही, काही नाही, मग तीनशे पानं करतात तरी काय?"

मला एवढा राग का आला कोण जाणे. म्हणजे मला माहितीये का आला, पण ते तिला सांगायचं नव्हतं. मी म्हटलं, एमा वाच. जेन ऑस्टिन. डिसेंबर १८१५ मध्ये आलेलं पुस्तक, दोनशे वर्षं होऊन गेली, तुमच्या त्या सगळ्या लेबलांची आजी आहे ती. तिने वाचलं बरं का, दहाएक दिवसांत, चेहरा पाडून पण वाचलं, आणि आज स्टेशनवरून घरी येताना रिक्षात पहिलं वाक्य काय, तर "मावशी, हा तर घरजावई झाला!"

मी एवढी हसले की रिक्षावाल्याने आरशात बघितलं.

पण खरंय की. एमा म्हणजे यातली नायिका आणि नाइटली तिचा जुना मित्र, शेवटी नवरा. एमाच्या थोरल्या बहिणीचं लग्न नाइटलीच्या धाकट्या भावाशी झालेलं, म्हणजे तो तिच्या बहिणीचा थोरला दीर, आपल्याकडे अशी किती लग्नं जमतात, एकाच मांडवात दुसरंही उरकून घ्या म्हणतात. त्यामुळे हा घरी येऊन-जाऊन, मैलभरावर राहणारा, वडलांशी गप्पा मारणारा, हिला तोंडावर चुका दाखवणारा एकमेव माणूस. आणि शेवटी म्हाताऱ्या वडलांना सोडून एमा जाणार नाही म्हणून स्वतःची मोठी इस्टेट सोडून तो तिच्या घरी राहायला येतो. त्यातही वडील लग्नाला तयार होत नसतात, ते कशाने होतात तर शेजारपाजारच्या खुराड्यांतल्या टर्की चोरीला जातात म्हणून, घरात एक पुरुषमाणूस असलेला बरा म्हणून! कोंबडीचोरांनी लावलेलं लग्न. (वयात मात्र सोळा वर्षांचं अंतर आहे आणि तू तेरा वर्षांची होतीस तेव्हापासून तू मला आवडायचीस असं काहीतरी तो म्हणतो, ते आता वाचताना अंगावर येतं, ते मी भाचीलाही म्हटलं, तीही म्हणाली ईईई. तेवढं सोडून बोलूया.)

तर, तीनशे पानं करतात काय. यावर मी ओटा पुसताना विचार करत होते.

बघ, आपल्याकडच्या जुन्या कादंबऱ्यांत कसं असायचं, ती त्याला अहो म्हणायची, तो तिला तुम्ही म्हणायचा, आणि मग कुठेतरी शंभर-दीडशे पानांनी एखाद्या जिन्यात किंवा पावसात तिच्या तोंडून चुकून "अरे" निघून जायचं. बस. तेवढ्या एका "अरे"त सगळा रोमान्स. वाचणारीच्या कानाच्या पाळ्या लाल व्हायच्या. भाषेनेच जिना बांधून ठेवलेला होता, तुम्हीवरून तूवर उतरायचं. पण मित्राचं काय? मित्राशी तुम्ही पहिल्या दिवसापासून अरे-तुरे, गाढवा, माकडा, मरतोस का आता, असले सगळे शब्द वापरून संपवलेले असतात, जवळिकीचा अख्खा स्टॉक संपलेला. मग प्रेमात पडल्यावर वेगळं म्हणायचं काय? माझ्या मते या गोष्टींमध्ये सगळी गंमत आणि सगळी अडचण इथे आहे. खलनायक लागत नाही, घरच्यांचा विरोध लागत नाही, हाक मारायला नवा शब्द नाही एवढीच अडचण पुरते.

आणि ऑस्टिनबाईंना हे बरोब्बर माहीत होतं. लग्न ठरल्यावर तो तिला म्हणतो, आता तरी मला मिस्टर नाइटली म्हणू नकोस. ती म्हणते, दहाएक वर्षांपूर्वी तुला चिडवायला म्हणून मी एकदा जॉर्ज म्हटलं होतं, तू चिडलाच नाहीस, म्हणून परत कधी म्हटलं नाही. आणि पुढे कबूल करते की नावाने हाक मारेन, पण एकदाच, चर्चमध्ये, लग्न लागताना. हे वाचून मी पहिल्यांदा (आत्याकडे सुट्टीत, बाजूला फणसाच्या आठळ्या) ताडकन उठून बसले होते. अगं हा तर उखाणा! नाव घे नाव घे म्हणतात तो उखाणा!

आता माझं.

त्याला इथे आपण अमुक म्हणू, कारण खरं आडनाव लिहिलं तर सासरचे वाचतील. माटुंग्याच्या कॉलेजात एकांकिकेच्या ग्रुपमध्ये आम्ही सगळेच एकमेकांना आडनावानेच हाका मारायचो, मुलीसुद्धा. तो लाइट्स करायचा, मी प्रॉम्प्टिंग, म्हणजे दोघंही अंधारात. नऊ वर्षं मी त्याला "ए अमुक" म्हटलं आणि त्याने मला माझ्या आडनावाच्या पहिल्या दोन अक्षरांचे तुकडे करून जे काय बनवलं होतं ते म्हटलं, ते मी मेले तरी लिहिणार नाही. राखीच्या दिवशी ग्रुपमधली निम्मी मुलं कॉलेज बुडवायची, हा मात्र शांतपणे कॅन्टीनमध्ये समोसा खात बसलेला. तेव्हा मला वाटलं, बरंय, याच्या मनात काही नाही. आज वाटतं, का माझ्या मनात काय आहे याची त्याला खात्री होती? एमामध्येही हे आहे, नाचाच्या रात्री ती म्हणते आपण काही एवढे भाऊबहीण नाही की एकत्र नाचू नये, आणि तो म्हणतो, भाऊबहीण? मुळीच नाही. समोसा न खाता म्हणतो एवढाच फरक.

आईचं वेगळंच गणित होतं. चाळीत सगळ्यांनी तिला विचारून झालं होतं, तुमच्या मुलीचं त्या मुलाशी काही आहे का. आई म्हणायची, छे, तो आला तरी ही केस विंचरत नाही. आणि हे पुरावा म्हणून चाललंसुद्धा, किती वर्षं. मग एका गणपतीत तो मखराचे थर्माकोल घेऊन आला आणि मी आत जाऊन केस विंचरून आले. आईने माझ्याकडे बघितलं, काही बोलली नाही, त्याच्या चहात मात्र न विचारता साखर कमी घातली. म्हणजे तिने कधीचं लक्षात ठेवलेलं.

पण मी सांगणार कोणाला? हा दुसरा भाग, आणि हा मला जास्त महत्त्वाचा वाटतो. बाकी सगळ्या प्रेमकथांमध्ये हिरोइनला एक मैत्रीण असते, तिच्याजवळ ती रडते, ती म्हणते अगं बोलून टाक. इथे ज्याच्याजवळ रडायचं तोच हा. कोणाला सर्दी झाली, बॉस काय बोलला, ट्रेन किती लेट होती, हे सगळं मी ज्याला सांगायचे त्याला नेमकं हेच सांगता येईना. नऊ वर्षांत पहिल्यांदा माझ्याकडे सिक्रेट होतं आणि ते ठेवायला जागा नव्हती.

२००७ मध्ये मी परळला एका डीटीपीच्या दुकानात काम करायचे, लग्नपत्रिका, व्हिजिटिंग कार्डं, वास्तुशांतीची आमंत्रणं, सगळं शिवाजी फाँटमध्ये. एका संध्याकाळी अमुक आला आणि म्हणाला, बायोडाटा टाईप करून दे, आईने स्थळं बघायला घेतलीयेत. मी म्हटलं, दे. काय करणार होते दुसरं? वर श्री गणेश प्रसन्न टाकलं, जन्मतारीख, जन्मवेळ, रास, गण, नाडी, उंची, वर्ण (गहू म्हणाला, मी गव्हाळ केलं), शिक्षण, नोकरी, मामांचं गाव. मला सगळं पाठ होतं, त्याने आणलेल्या कागदाकडे मी बघतही नव्हते. आणि मग शेवटची ओळ आली, अपेक्षा. आमच्या टेम्प्लेटमध्ये तिथे आधीच "अनुरूप" असायचं, सगळ्यांचं तेच असतं.

मी विचारलं, अपेक्षा काय लिहू?

म्हणाला, तूच लिही ना. तुला माहितीये.

मी "अनुरूप" सिलेक्ट करून डिलीट केलं. का केलं माहीत नाही. कर्सर लुकलुकत राहिला. शटर अर्धं खाली आलेलं, मालक गल्ला मोजत होते, बाहेर वडापाववाल्याचा झारा वाजत होता आणि मला वाटलं आता हा सांगेल की एक मुलगी बघून आलोय, आवडली. आणि मी ठरवलं की ऐकायचं. मैत्रीण आहे ना, मग ऐकायचं. म्हटलं, बोल, काय असेल ते मला सांग.

एमामध्ये तो प्रसंग येतो ना बागेतला, मला तिथे दरवेळी रडू येतं. तिला वाटत असतं की नाइटली आता तिच्या मैत्रिणीवर, हॅरिएटवर प्रेम आहे म्हणून सांगणार, म्हणून ती आधी त्याला गप्प करते, मग त्याचा चेहरा बघून तिला वाईट वाटतं आणि ती स्वतः मागे फिरून म्हणते, मैत्रीण म्हणून सांग, मी ऐकेन. म्हणजे आपल्याला जे ऐकून मरायला होणार आहे ते ऐकायला स्वतःहून बसायचं. भाची म्हणते यात ड्रामा नाही! अगं बाई, तलवारी काढलेल्या परवडल्या. आणि तो त्या मैत्रीण म्हणून याच शब्दावर अडखळतो.

अमुकने कर्सरकडे बघितलं आणि माझं नाव घेतलं. आडनाव नाही, तो तुकडा नाही, घरचं लाडाचं नाही. रेशनकार्डावरचं नाव. नऊ वर्षांत पहिल्यांदा. इतकं विचित्र वाटलं, कोणी तिसऱ्याच बाईला हाक मारतंय असं. पुढे त्याला काही बोलावंच लागलं नाही.

मी काय म्हणाले? नाइटलीने विचारल्यावर एमा काय म्हणाली ते ऑस्टिनही सांगत नाही, जे म्हणायला हवं तेच म्हणाली एवढंच लिहून पुढे जाते. मीही जाते.

मैत्री आहे म्हणजे हे असंच व्हायला पाहिजे असं मात्र नाही हं. लुइसा मे ऑल्कटच्या लिटल विमेन कादंबरीच्या १८६९ च्या दुसऱ्या भागात जो नावाची नायिका तिच्या मित्राला, लॉरीला, स्वच्छ नाही म्हणते. वाचक हट्ट धरून बसले होते की या दोघांचं लग्न लावा, आणि ऑल्कटबाईंनी नाहीच लावलं, एका वयाने मोठ्या प्रोफेसरशी लावून दिलं. लहान असताना मी त्या प्रोफेसरला शिव्या घातल्या होत्या, आता पटतं, जोच्या मनात लॉरीसाठी ती अडचणच कधी झाली नव्हती.

नंतरचं पटापट. सासूबाईंनी पत्रिका जुळवली तर एकनाड निघाली, आठवडाभर घरात सुतक, मग त्यांच्या गुरुजींनी काहीतरी मार्ग काढला. लग्नात नाव घे म्हणून सगळे मागे लागले आणि माझ्या तोंडून सवयीने "अमुक" निघालं, तर मांडवातून त्याची आतेबहीण ओरडली, वहिनी आडनाव नको, आता ते तुमचंही आहे! शेवटी पहिलं नाव घेतलं (त्याला इथे तमुक म्हणू):

इंडिकेटरवर लागली कर्जत फास्ट,
तमुकरावांचं नाव घेते, एकदाच आणि लास्ट.

आणि खरंच लास्ट. अजून मी ए अमुक म्हणते. सुरुवातीला घरात हाक मारली की सासरे, सासू, दीर आणि हा असे चौघं वळून बघायचे.

आज हे सगळं त्याला सांगितलं, मघाशी, तो मच्छरदाणी लावत होता तेव्हा. म्हटलं, आठवतं का, तू मला पहिल्यांदा नावाने हाक मारलीस ते दुकानात? तर म्हणतो, पहिल्यांदा नाही. मी म्हटलं, म्हणजे? म्हणतो, त्याच्या वर्षभर आधी, ग्रुपमधल्या एकीच्या लग्नाला डोंबिवलीला चाललो होतो, तू साडी नेसलेली म्हणून लेडीजमध्ये चढलीस, मी बाजूच्या डब्यात, मधे ती जाळी. ठाणं सोडल्यावर पारसिकच्या बोगद्यात गाडी शिरली तेव्हा मी जाळीला तोंड लावून तुझं नाव घेतलं. दोनदा. मुद्दाम बोगद्यात घेतलं, आवाजात कळणार नाही म्हणून.

मी जाळीला टेकून उभी होते हे मला आठवतं. गजरा जाळीत अडकत होता म्हणून. बाकी नुसता खडखडाट.

खरं बोलतोय का फेकतोय कळायला मार्ग नाही, झोपलासुद्धा. मी म्हणणार होते की रविवारी डोंबिवलीला जाऊ, तू त्या बाजूने बोल, ऐकू येतं का बघू. मग लक्षात आलं, २०२२ मध्ये नवीन लाइन झाल्यापासून फास्ट लोकल मुंब्र्यावरून जातात, बोगद्यातून आता फक्त मेल-एक्स्प्रेस जातात.