तुम्ही विचारलंत म्हणून : पाणी पडण्याआधी विरघळणारा पदार्थ

रसायनशास्त्र शिकवणारा माणूस विज्ञानकथाही आवडीने वाचतो, हे कळले की समोरचा हमखास विचारतो, ‘‘या कथांमध्ये काय काय अद्भुत पदार्थ असतात, त्यांतला एक तरी तुम्हाला पटतो का हो?’’ गुरुत्वाकर्षण अडवणारे धातू आणि काळाचा प्रवाह उलटा फिरवणारे स्फटिक यांची कथांमध्ये कधीच वाण नसते. माझे उत्तर मात्र ठरलेले आहे : थायोटिमोलिन.

विज्ञानकथालेखक आयझॅक असिमॉव्ह यांनी हा पदार्थ मार्च १९४८ मध्ये ‘अस्टाउंडिंग सायन्स फिक्शन’ या अमेरिकी मासिकात प्रथम मांडला. ‘मांडला’ असे मुद्दाम म्हणतो, कारण ती रूढ अर्थाने कथा नव्हतीच. तक्ते, आलेख आणि संदर्भसूचीसह सजवलेला तो एक खोटा शोधनिबंध होता. एका झुडपाच्या सालीपासून मिळणारा हा पदार्थ पाण्यात विरघळतो, पण पाणी घालण्याच्या १.१२ सेकंद आधी. बाकी सगळे, म्हणजे शुद्धीकरण, वजने, पुन्हा पुन्हा केलेली मोजमापे, कोणत्याही प्रयोगशाळेत चालते तसेच चालते.

ही कल्पना त्यांना सुचली ती प्रत्यक्ष कामातून. कोलंबिया विद्यापीठात ते टायरोसिनेज या विकरावर (एन्झाइमवर) पीएच.डी. करत होते, आणि त्या प्रयोगांसाठी त्यांना कॅटेकॉल हे रसायन पाण्यात विरघळवावे लागे. कॅटेकॉल हाताळलेल्या कोणालाही असिमॉव्ह यांच्या मनात काय आले असेल ते लगेच कळेल : त्याचे हलके, पांढरे स्फटिक पाण्याच्या पृष्ठभागाला टेकतात न टेकतात तोच दिसेनासे होतात, तळाशी जाणे तर सोडाच. हे स्फटिक याहून थोडे जरी अधिक विद्राव्य असते तर पाण्याला शिवण्यापूर्वीच विरघळले असते, असे त्यांना वाटले. (चिरलेले वांगे काळे पडते तेही याच जातीच्या विकरामुळे, पण त्यातून कोणाला काळाविषयी काही सुचल्याचे ऐकिवात नाही.) शिवाय प्रबंधाची रुक्ष, कर्मणी प्रयोगांनी जड झालेली भाषा आपल्याला जमेल की नाही, ही धास्ती होतीच. तेव्हा हातासरशी तिचाही सराव झाला.

हा पदार्थ मला पटतो तो त्याच्या आडमुठेपणामुळे. काल्पनिक पदार्थांचा नेहमीचा दोष असा की कथेला जे हवे ते ते निमूटपणे करतात. थायोटिमोलिन तसे करत नाही. पाणी घालण्याचा तुमचा निश्चय पक्का असेल तरच ते वेळेआधी विरघळते. तुमचे मन दोलायमान असेल तर त्याचे वर्तनही डळमळते. प्रयोग करणाऱ्याच्या इच्छाशक्तीचे मोजमाप या पदार्थाने करता येईल, हा १९५३ च्या दुसऱ्या लेखाचा विषय याच धाग्यातून निघाला. कार्बनच्या अणूच्या चार बंधांपैकी एक भूतकाळात आणि एक भविष्यकाळात गेलेला असतो, असे स्पष्टीकरणही पुढे आले. ते अर्थातच अशक्य आहे. पण चार बंधांचा हिशेब त्यात चुकत नाही, आणि परीक्षकाच्या नजरेने पाहणाऱ्याला तेवढे पुरते.

१९६० च्या तिसऱ्या लेखात तर हा आडमुठेपणा कळसाला पोहोचतो. एका भांड्यातले थायोटिमोलिन विरघळले की दुसऱ्या भांड्यात पाणी पडावे, अशी साखळी केली तर प्रत्येक टप्प्याला आणखी १.१२ सेकंद मागे जाता येते. सुमारे ७७,००० भांडी जोडली की पूर्ण एक दिवस. आता खोडसाळ माणूस म्हणेल, की पदार्थ आज विरघळू द्यावा आणि उद्या पाणीच घालू नये. हे साधत नाही. कुठून तरी पाणी येतेच. नळ फुटेल, वादळ येईल, पूर येईल, पण एकदा विरघळलेल्या थायोटिमोलिनला त्याचे पाणी मिळाल्यावाचून राहत नाही. भविष्य आधी कळण्याची इतकी रोखठोक किंमत सांगणारे दुसरे काल्पनिक द्रव्य माझ्या वाचनात नाही. १९७३ च्या चौथ्या कथेत हाच पदार्थ अंतराळयानांत बसवून सापेक्षतेमुळे पडणारा काळाचा फरक भरून काढला आहे. कल्पना चतुर आहे. पण तिथे तो कामाला जुंपलेला वाटतो, आणि मला तेवढा भावत नाही.

पहिल्या लेखाच्या वेळी पीएच.डी.ची मौखिक परीक्षा तोंडावर आली होती, म्हणून असिमॉव्ह यांनी तो टोपणनावाने छापण्याची विनंती केली होती. संपादक जॉन कॅम्पबेल यांनी मात्र तो खऱ्या नावानेच छापला. (आपल्याकडे जयंत नारळीकरांनी १९७४ मध्ये मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेला पहिली कथा पाठवली तीही ‘नारायण विनायक जगताप’ या नावाने; त्यांचे टोपणनाव निदान निकालापर्यंत टिकले.) मे महिन्यात परीक्षा झाली, आणि अखेरीस एका परीक्षकाने अत्यंत गंभीरपणे थायोटिमोलिनच्या ऊष्मागतिकीय गुणधर्मांविषयी विचारले. असिमॉव्ह यांना हसू आवरेना. नापास करायचे असलेल्या विद्यार्थ्याची अशी थट्टा कोणी करत नाही, हे त्यांना कळून चुकले होते. दरम्यान न्यूयॉर्कच्या सार्वजनिक ग्रंथालयात मुले त्या निबंधात दिलेली, अस्तित्वातच नसलेली नियतकालिके मागून ग्रंथपालांना भंडावून सोडत होती.

‘‘मग वाचायला सुरुवात कुठून करू?’’ हा पुढचा प्रश्नही ठरलेलाच असतो. आधी १९४८ चा निबंध वाचावा, आणि तोही कोणाचा तरी खरा शोधनिबंध वाचून झाल्यावर, म्हणजे नक्कल किती बेमालूम आहे ते दिसेल. त्यानंतर थेट १९६० चा लेख घ्यावा. मधला १९५३ चा मानसोपचाराचा लेख सवडीने वाचला तरी चालेल.