'डिस्को दीवाने' आणि नाझियाचा सोळा वर्षांचा आवाज

'डिस्को दीवाने' म्हटलं की आजकाल लोकांना 2012 चा 'स्टुडंट ऑफ द इयर' आठवतो, आणि जे थोडे मोठे आहेत त्यांना मूळ गाण्यातलं ते 'आहा आहा' आठवतं. पण पाकिस्तानी गायिका नाझिया हसनचा 1981 चा 'डिस्को दीवाने' हा अख्खा अल्बम शेवटपर्यंत ऐकलेली माणसं मला फारच कमी भेटतात, आणि याचं मला खरंच वाईट वाटतं. कारण नुसतं टायटल साँग ऐकून या मुलीने काय केलं होतं ते कळतच नाही. माझं म्हणणं एवढंच आहे की या अल्बममध्ये एक पंधरा-सोळा वर्षांची मुलगी पंधरा-सोळा वर्षांच्या मुलीसारखीच गाते, आणि आपल्याकडच्या गाण्यात त्या वेळी हे जवळपास कुठेच होत नव्हतं.

थोडं मागे जाऊ. नाझियाचा जन्म 3 एप्रिल 1965 चा, कराचीतला, आणि लहानपण कराची आणि लंडन असं दोन्हीकडे गेलं. फिरोज खान 'कुर्बानी' बनवत होते तेव्हा लंडनमध्ये एका पार्टीत त्यांची आणि या मुलीची गाठ पडली असं सांगतात, आणि त्यांनी तिला बिद्दूकडे पाठवलं. आता 'कुर्बानी'ची बाकीची गाणी कल्याणजी-आनंदजींची, फक्त 'आप जैसा कोई' हे एकच बिद्दूचं. बिद्दू म्हणजे बंगळुरूचा माणूस, साठच्या दशकात इंग्लंडला गेला, तिथे धडपडला, आणि 1974 मध्ये कार्ल डग्लसकडून 'कुंग फू फायटिंग' गाऊन घेतलं जे ब्रिटन आणि अमेरिका दोन्हीकडे एक नंबरला गेलं. नंतर टीना चार्ल्सचं 'आय लव्ह टू लव्ह' पण ब्रिटनमध्ये एक नंबर. म्हणजे ज्या माणसाला लंडनच्या स्टुडिओत डान्सची गाणी कशी बनतात हे पूर्ण ठाऊक होतं, त्याच्यासमोर शाळेत जाणारी एक मुलगी उभी राहिली आणि तिने झीनत अमानसाठी गाणं गायलं. 1980 मध्ये पिक्चर आला, गाणं तुफान चाललं, आणि 1981 मध्ये फिल्मफेअरचं सर्वोत्कृष्ट पार्श्वगायिकेचं बक्षीस तिला मिळालं.

आता इथे जरा थांबून एक गोष्ट बघा. 1980 मध्ये लताबाई पन्नाशी ओलांडत होत्या आणि आशाताई सेहेचाळीस-सत्तेचाळीसच्या. दोघींबद्दल मला किती आदर आहे हे वेगळं सांगायला नको, आमच्या घरात सकाळ त्यांच्याच आवाजाने व्हायची. आणि पन्नाशीतल्या बाईने वीस वर्षांच्या हिरॉइनसाठी गावं आणि कुणाला खटकू नये ही काय साधी गोष्ट आहे का, त्यामागे आयुष्यभराचा रियाज आहे. पण त्याचा परिणाम असा झाला की हिंदी गाण्यातली तरुण मुलगी ही कायम एका अतिशय तयार गळ्यातून बोलायची. ती लाजायची तरी सुरात, तिची फजिती झाली तरी हरकत, म्हणजे सुरांची छोटी नक्षी, अगदी जागच्या जागी. खऱ्या कॉलेजातली मुलगी, जिचा आवाज थोडा पातळ आहे, थोडा नाकात आहे, जी ओळीच्या शेवटी श्वास पुरवत नेते, ती मुलगी गाण्यात नव्हतीच. ती नाझियाबरोबर आली.

आणि बिद्दूने तिचा आवाज लपवला नाही. हा मुद्दा मला फार महत्त्वाचा वाटतो कारण लपवणं सोपं होतं, सगळीकडे व्हायोलिन्स भरून टाकली असती की झालं. त्याने केलं काय, तर तिच्याकडून तीच ओळ दोनदा गाऊन घेतली आणि दोन्ही टेक एकावर एक चढवले, ज्याला डबल ट्रॅकिंग म्हणतात, स्वीडनचा पॉप बँड आबा (ABBA) वगैरे मंडळी हे सर्रास करायची. कुणीही माणूस तीच ओळ दोनदा हुबेहूब सारखी गाऊ शकत नाही, कुठे केसभर आधी सुरू होते, कुठे सूर किंचित वर असतो, आणि त्या केसभर फरकामुळेच आवाजाला एक चकाकी येते, जाडी येते, पण तो आवाज राहतो त्याच माणसाचा. 'आप जैसा कोई' हेडफोन लावून ऐका, पहिल्या ओळीतच दोन नाझिया शेजारी शेजारी उभ्या असल्यासारख्या ऐकू येतात. अल्बमवरही हीच युक्ती आहे. आणि तिच्या गाण्यात मुरकी, म्हणजे सुरांची झटपट गिरकी, नाही, मींड, म्हणजे एका सुरावरून दुसऱ्यावर घसरत जाणं, म्हणावी तर नावाला, सूर जिथे संपायचा तिथे सरळ संपतो. आपल्याकडे गाण्याच्या क्लासला जाणाऱ्या कुठल्याही मुलीला बाईंनी 'सूर असा सोडून देऊ नकोस' म्हणून सांगितलं असतं, पण इथे तो सोडून दिलेला सूरच गोड लागतो, कारण खाली बास आणि ड्रम्स इतके गच्च बसलेत की वरच्या आवाजाला मोकळं राहता येतं.

'कुर्बानी' झाल्यावर वर्षभरातच 'डिस्को दीवाने' आला, आपल्याकडे एचएमव्हीवर. नाझियाबरोबर तिचा धाकटा भाऊ झोहेब, आणि प्रोड्युसर बिद्दूच. आणि यात पिक्चर नव्हता! पोस्टर नाही, हिरो नाही, झीनत अमान नाही, 'आप जैसा कोई'चा आधारही नाही, नुसती गाणी.

मराठी माणसाला सिनेमाशिवायचं गाणं काही नवीन नव्हतं, आपल्याकडे भावगीताची केवढी मोठी परंपरा, अरुण दाते रेडिओवर लागले की घरात कुणी मोठ्याने बोलायचं नाही. हिंदीतही जगजीत-चित्रांचा 'द अनफर्गेटेबल्स' 1976 मध्येच आला होता आणि गझल घराघरात पोचली होती. म्हणजे बिनसिनेमाचं ऐकणारा माणूस होता. पण ते सगळं बसून ऐकायचं गाणं होतं, शब्दांना मान डोलवायची, मोठ्यांबरोबर ऐकायचं. उभं राहून नाचायचं, आपल्या वयाच्या मुलीने गायलेलं, आणि ज्याला कुठल्याच हिरॉइनचा चेहरा चिकटलेला नाही असं हिंदी-उर्दू गाणं कॅसेटच्या दुकानात मिळणं, आणि ते एवढं खपणं, ही गोष्ट वेगळी होती. चेहरा चिकटलेला नसतो तेव्हा ऐकणारी मुलगी स्वतःला तिथे ठेवू शकते ना.

माझी मावशी तेव्हा डोंबिवलीला कॉलेजात होती. तिच्याकडे गाण्यांची एक वही आहे, त्या काळी सगळ्याच मुलींकडे असायची, कॅसेट थोडी वाजवायची, थांबवायची, ओळ लिहायची, परत मागे न्यायची. त्या वहीत आधी सगळी लताबाई-आशाताईंची गाणी आहेत, निळ्या शाईत, अगदी नीट, खाली रागाचं नाव कुणीतरी सांगितलेलं तेही लिहिलेलं. आणि मग अचानक हिरव्या शाईत 'आओ ना', 'लेकिन मेरा दिल', 'मुझे चाहे न चाहे', एकामागून एक, आणि समासात बाण काढून 'इथे टाळी' असं लिहिलंय. आधीच्या पानांवर असं काहीच नाही. मी तिला विचारलं की हे टाळ्यांचं काय, तर म्हणाली अगं आम्ही चौघी मिळून गच्चीवर म्हणायचो, लताबाईंचं गाणं चौघींनी मिळून म्हणायची आमची काय टाप होती, ते कुणीतरी एकीने म्हणायचं आणि बाकीच्यांनी ऐकायचं, पण नाझियाचं कुणालाही जमायचं. गॅदरिंगला 'आओ ना' म्हणायला उभी राहिली तर एका सरांनी हे काय गाणं म्हणून खाली बसवलं होतं, ते ती अजून रागाने सांगते, आणि मला तिचा राग अगदी बरोबर वाटतो.

'कुणालाही जमायचं' हे मला या अल्बमबद्दल कुणीही म्हटलेलं सगळ्यात चांगलं वाक्य वाटतं.

आता गाण्यांकडे येते. टायटल साँगबद्दल फार बोलत नाही, ते सगळ्यांना पाठ आहे. 'आओ ना' मात्र मला त्याहून जास्त आवडतं. बोलावणंच आहे गाण्यात, पण त्यात आर्जव नाही की मादकपणाचा आव नाही, मैत्रीण खालून हाक मारते तसं आहे. याच ओळी त्या काळच्या एखाद्या कॅबरे गाण्यात असत्या तर केवढे उसासे भरले असते मध्ये मध्ये! नाझिया एकही उसासा टाकत नाही.

आणि 'लेकिन मेरा दिल'. हे माझं सगळ्यात आवडतं. उदास गाणं आहे, मन रडतंय म्हणते, पण ती रडण्याचा अभिनय करत नाही. आपल्या सिनेमाच्या दुःखी गाण्यात आवाज भरून यायचा, कंप यायचा, शेवटच्या कडव्यात वरचा सूर लागायचा. इथे आवाज तसाच सपाट, थोडासा थकलेला, ओळ म्हणून टाकते आणि पुढच्या ओळीला जाते. सोळा वर्षांची मुलं खरंच दुःख असंच सांगतात, मान खाली घालून, जणू काही विशेष नाही अशा आवाजात, आणि ऐकणाऱ्याला ते ओळखता आलं तर आलं. हे तिला कुणी शिकवलं असेल असं मला वाटत नाही. शिकवून येतच नाही ते.

सगळाच अल्बम असा आहे असं मात्र मी म्हणणार नाही. काही गाण्यांचे शब्द अगदीच साधे आहेत, दिल आणि प्यार आणि रात फिरून फिरून येतात. ताल बराचसा एकाच चालीने जातो, त्यामुळे सलग ऐकताना मध्ये एक-दोन गाणी एकमेकांत मिसळून जातात. टायटल साँगची नुसती वाद्यांवरची आवृत्ती आहे ती मी एकदाच पूर्ण ऐकली, कारण आवाज काढून घेतला तर या अल्बममधलं मुख्य माणूसच गेलं. झोहेबबरोबरची गाणी छान आहेत, दोन भावंडं घरात गातात तसा मोकळेपणा आहे त्यात, पण तो थोडा मागे राहतो.

अजून एक गंमत म्हणजे वेळ. अमेरिकेत डिस्कोविरुद्ध तोवर केवढी लाट आली होती, जुलै 1979 मध्ये शिकागोच्या बेसबॉल मैदानात लोकांनी डिस्कोच्या रेकॉर्ड्स स्फोट करून उडवल्या, आणि तिथे हा प्रकार जुना झाल्यातच जमा होता. आणि आपल्याकडे तेव्हा कुठे सुरुवात होत होती. 'डिस्को डान्सर' 1982 चा. म्हणजे लंडनला बसलेल्या बिद्दूकडे एक पूर्ण तयार झालेली कारागिरी होती जिला तिकडे गिऱ्हाईक कमी होत चाललं होतं, आणि इकडे कराचीपासून मुंबईपर्यंत लाखो मुलं वाट बघत होती. बंगळुरूचा संगीतकार, कराचीची मुलगी, लंडनचा स्टुडिओ, भारतात विकणारी कंपनी एचएमव्ही, आणि तिकडे पाकिस्तानात झिया उल हक यांची लष्करी राजवट. हे सगळं एका कॅसेटमध्ये मावलं आणि दोन्ही देशांत तीच गाणी वाजली. आज असं काही होईल का याचा विचार केला की मला जरा उदासच वाटतं.

पुढे 1982 मध्ये 'स्टार' आला, पिक्चर पडला पण 'बूम बूम' टिकलं, मग अल्बम आले, 1984 चा 'यंग तरंग', 1987 चा 'हॉटलाइन', 1992 चा 'कॅमेरा कॅमेरा', आणि नंतर तिने गाणं जवळजवळ सोडलंच. मधल्या काळात कायद्याची डिग्री घेतली, संयुक्त राष्ट्रांत काम केलं. 'मेड इन इंडिया' बिद्दूने आधी तिच्यासाठी ठरवलं होतं आणि पाकिस्तानातल्या लोकांना दुखवायचं नाही म्हणून तिने नकार दिला असं सांगितलं जातं, मग 1995 मध्ये ते अलिशा चिनॉयने गायलं आणि आपल्या पिढीच्या डोक्यात कायमचं बसलं. आपण नव्वदच्या दशकातल्या इंडीपॉपबद्दल एवढं हळवं होऊन बोलतो, फाल्गुनी, अलिशा, लकी अली, पण ती वाट आधी कुणी चालून दाखवली हे सांगताना नाझियाचं नाव सुटतं. 13 ऑगस्ट 2000 ला लंडनमध्ये फुप्फुसाच्या कॅन्सरने ती गेली, पस्तिसाव्या वर्षी.

ऐकणार असाल तर माझी एकच विनंती, फोनच्या स्पीकरवर ऐकू नका, त्यात बास ऐकूच येत नाही आणि मग तिचा आवाज उगाच उघडा पडल्यासारखा वाटतो. हेडफोन घ्या, 'लेकिन मेरा दिल'ने सुरुवात करा, मग 'आओ ना', आणि टायटल साँग त्यानंतर. 2012 चं व्हर्जन अगदी शेवटी लावा, त्यात नाझियाचाही आवाज वापरलाय आणि तो नव्या आवाजांच्या मधोमध येतो तेव्हा लगेच ओळखू येतो. आणि घरात कुणी तेव्हा कॉलेजात असलेली मावशी, आत्या, काकू असेल तर तिला विचारा की यातली कुठली गाणी पाठ होती, आणि मला कमेंटमध्ये नक्की सांगा, 'धुंधली रात में' कुणाला आठवतं का हे मला खरंच जाणून घ्यायचंय.