पॉम्पेईची यक्षी, नेपल्सच्या कपाटात

पॉम्पेई हे इटलीतलं, व्हेसुव्हियस ज्वालामुखीच्या राखेखाली गाडलं गेलेलं रोमन शहर. तिथे एक भारतीय हस्तिदंती स्त्रीमूर्ती सापडली, तीच ही ‘यक्षी’, म्हणजे आपल्या शिल्पांतली उपदेवता. पहिली चूक बहुतेक जण करतात ती अशी: यक्षी शोधायला पॉम्पेईच्या अवशेषांत फिरतात. मूर्ती तिथे नाही, ती नेपल्सच्या राष्ट्रीय पुरातत्त्व संग्रहालयात आहे. तेही मंगळवारी बंद असतं, म्हणून मी पॉम्पेई मंगळवारी ठेवलं आणि संग्रहालय बुधवारी.

मेट्रोच्या मार्ग १ वर ‘म्युझेओ’ स्थानकाला उतरलं की संग्रहालय समोरच. तळमजल्यावरचे फार्नेसे संग्रहाचे संगमरवरी पुतळे दोन तास सहज खातात, तेव्हा आधी वर ‘गुप्त दालना’त जावं. पॉम्पेईतल्या कामविषयक वस्तूंचं हे दालन. मूर्ती नग्न आहे म्हणून तिची रवानगी इथे झाली, एवढंच. आपल्याकडच्या लेण्यांच्या दारांवर अशा यक्षी उघड्यावर उभ्या असतात! तिकीट काढतानाच दालन उघडं आहे ना आणि मूर्ती बाहेर प्रदर्शनाला गेलेली नाही ना, हे विचारून घ्या. नोंद क्रमांक १४९४२५.

मूर्ती हस्तिदंताची, उंची जेमतेम २५ सेंटिमीटर. मनगटापासून कोपरापर्यंत बांगड्या, पायांत तोड्यांची चळत, कमरेला मेखला, दोन्ही बाजूंना प्रसाधनाचं साहित्य घेतलेल्या दोन छोट्या दासी. पाठही तितक्याच निगुतीनं कोरलेली आहे, त्यामुळे समोरून फोटो काढून निघू नका. काचेवर दिव्यांचं प्रतिबिंब पडतं. थोडं तिरकं उभं राहिलं की ते सरतं.

डोक्यात वरून पाडलेलं भोक आहे. त्यावरून कुणी तिला आरशाची मूठ म्हणतात, कुणी छोट्या टेबलाचा पाय. मला दुसरं पटतं. दासी दोन्ही अंगांना असल्यामुळे मुठीत धरायला जागाच उरत नाही, आणि खाली सपाट बैठक आहे.

१९३८ मध्ये सापडल्यावर इटालियन पुरातत्त्वज्ञ आमेदेओ मायुरी यांनी तिला लक्ष्मी म्हटलं. पण हातात कमळ नाही, हत्तीही नाहीत. यक्षी म्हणणंच बरं. व्हेसुव्हियसचा उद्रेक इ.स. ७९ चा, म्हणजे ती त्याआधी इटलीत पोचली होती.

आली कुठून? जालना जिल्ह्यातल्या भोकरदनच्या उत्खननात अगदी अशीच हस्तिदंती मूर्ती निघाली, फक्त कमरेखालचा भाग शिल्लक, दोन्ही दासींसह. तेरलाही तिची एक हस्तिदंती बहीण मिळाली, तिच्याही डोक्यात भोक. धाराशिव जिल्ह्यातलं तेर म्हणजे जुनं तगर. पैठण आणि तगरचा माल गाड्यांतून भडोचला जाई, हे ‘पेरिप्लस’ या जुन्या ग्रीक सागरी व्यापार-पुस्तिकेत नोंदलेलं आहे. तरी लगेच ‘आपलीच’ म्हणू नका: नेपल्सच्या मूर्तीच्या बैठकीवर एक खरोष्ठी अक्षर आहे, आणि ती लिपी वायव्येकडची. अफगाणिस्तानातल्या बेग्रामच्या हस्तिदंती कामाशीही तिचं साम्य दाखवतात.

तेरचं लामतुरे संग्रहालय आधी पाहून मग नेपल्सला जाणं उत्तम. उलट क्रमानं गेलात तर तेरची मूर्ती उगाच लहान वाटते.