तुम्ही विचारलंत म्हणून: मारिओ बावा नेमका कोण?

इटलीच्या जुन्या भयपटांचा विषय निघाला की हा प्रश्न हमखास येतो: बावाला कॅमेरामन म्हणायचं, ट्रिकवाला म्हणायचं की दिग्दर्शक? आमचं मत सरळ आहे. तो मुळात कॅमेरामन. बाकीचं सगळं त्यातूनच आलं.

जन्म 1914 चा, सान रेमोचा. वडील एउजेनिओ शिल्पकार, शिवाय मूकपटांच्या काळापासून कॅमेरा आणि ट्रिकच्या कामातले; म्हणजे धंदा घरचाच. दिग्दर्शक म्हणून मारिओचं नाव लागलं ते 1960 च्या ‘ला मास्केरा देल देमोनिओ’ला. पण त्याआधी, 1957 च्या ‘इ वांपीरी’चा दिग्दर्शक रिकार्दो फ्रेडा काम अर्धवट टाकून निघून गेला, तेव्हा उरलेलं बावानंच पुरं केलं.

त्याच चित्रपटात एका बाईचा चेहरा एकाच शॉटमध्ये, मध्ये कुठेही न कापता, म्हातारा होतो. ही युक्ती बावाची नव्हे, हॉलिवूडमध्ये ती आधीच वापरून झाली होती. फिल्म कृष्णधवल हवी. सुरकुत्या लाल रंगानं काढायच्या. लाल फिल्टरमधून, म्हणजे लेन्सपुढच्या रंगीत काचेतून, लाल रेघ आणि कातडी जवळजवळ सारखीच उजळ दिसते, त्यामुळे सुरकुती गायब. फिल्टर हळूहळू हिरवा केला की तीच रेघ काळी पडते. बिघडतं ते ओठांपाशी: लाल लिपस्टिक असेल तर सुरुवातीला ओठच पुसले जातात, म्हणून तपकिरी रंग लावावा. गडद फिल्टर तीनेक स्टॉप प्रकाश खातो (एक स्टॉप म्हणजे प्रकाश निम्मा), म्हणजे दिवे आठपट. आणि दोन रंगांची पट्टी लेन्सपुढून सरकवायची असेल तर लेन्स उघडी, म्हणजे तिचं छिद्र मोठं ठेवावं लागतं, नाहीतर रंगांचा सांधा पडद्यावर दिसतो.

काचेच्या ट्रिकचं नेमकं उलटं. किल्ल्याचं चित्र किंवा कापलेला फोटो काचेवर चिकटवायचा, खालचा भाग मोकळा सोडायचा, त्यातून पलीकडचा खरा सेट आणि नट दिसतात. इथे जवळचं आणि लांबचं दोन्ही धारदार हवं. 25 मिमीची लेन्स, एफ/11 (म्हणजे छिद्र बारीक), फोकस सव्वादोन मीटरवर ठेवला तर साधारण सव्वा मीटरपासून पुढे सगळं चालून जातं. काच त्याच्या आत आली की चित्र मऊ पडतं. कॅमेऱ्यामागे काळं कापड नसेल तर काचेत कॅमेराच उमटतो. बाहेर शूटिंग असेल तर ऊन सरकण्याआधी उरकायचं, कारण चित्रातली सावली काही सरकत नाही. कॅमेरा हलवायचा तर विचारूच नका.

एका ट्रिकला लेन्सचं छिद्र मोठं हवं, दुसरीला बारीक. मेकअप, दिवे आणि दिग्दर्शन तीन डोक्यांत असेल तर यावर निम्मा दिवस वाद घालण्यात जातो. बावाकडे तो प्रश्नच नव्हता; तिन्ही एकाच डोक्यात.

1959 च्या ‘काल्तिकी’तला राक्षस तर चक्क वजडीचा होता. आणि 1965 च्या ‘तेर्रोरे नेल्लो स्पात्सिओ’साठी हाताशी होते प्लॅस्टिकचे दोन खडक, तेवढ्यांवरच, आरसे आणि धूर वापरून, त्यानं अख्खा ग्रह करून दाखवला, असं तो सांगायचा. आरसा तिरका लावला की खडक संख्येनं वाढलेले दिसतात, आणि आरशाची कड धुरात लपते. फक्त धूर टेकागणिक सारखा ठेवावा लागतो. मध्येच कुणी स्टुडिओचं दार उघडलं की तो विरळ होतो, आणि मग एडिटिंगला दोन शॉट एकमेकांना जुळत नाहीत.