कान्हळाच्या राईतला रविवार

रविवार, फेब्रुवारीचा दुसरा आठवडा

रात्रीचे दहा वाजलेत, पाय ठणकतायत, तरी आजचं आजच लिहून टाकते. उद्या ऑफिस सुरू झालं की राहूनच जाईल.

जुनी झाडं दाखवायची एक दिवसाची सहल होती, दोडामार्ग तालुक्यात बांबर्ड्याच्या देवराईत. आत्या मुंबईहून आलेली, तिचंही नाव घातलं. "म्हाताऱ्या झाडांका बघूक म्हातारेक कित्याक न्हेतंस?" असं दोन दिवस कुरकुरली आणि आज पहाटे माझ्याआधी स्वेटर घालून दारात उभी. गाडीत आम्ही पंधराएक जण. कोल्हापूरचं एक जोडपं, पणजीचे दोघं-तिघं, बाकी आमच्या सावंतवाडी-कुडाळकडचेच. माहिती द्यायला वनस्पतिशास्त्र शिकलेला एक तरुण. सगळे त्याला सर म्हणत होते. आत्या पहिल्या चहापासून 'अरे बाबा' म्हणायला लागली.

तो चहा भेडशीच्या तिठ्यावर. तिथे सरांनी पहिलं काम केलं ते गावात फोन लावण्याचं. रस्ता नव्हे, हत्ती कुठे आहेत ते विचारायला. २००० नंतर कर्नाटकातून घाट उतरून हत्ती या तालुक्यात आले, आणि हेवाळे, बांबर्डे, मोर्ले, घोटगेवाडी या पट्ट्यात आता त्यांची वर्दळ असते. बाहेरून येणाऱ्यांना त्याचं अप्रूप. ज्याच्या बागेतला पंधरा वर्षं वाढवलेला माड एका रात्रीत आडवा होतो त्याला विचारावं. पुढे रस्त्याकडेला तसाच एक माड पडलेला दिसला, शेंड्याचा कोंब तेवढा सोलून खाल्लेला. कोल्हापूरच्या बाईंनी फोटो काढला. बागेत एक माणूस झावळं गोळा करत होता, त्याने वरही बघितलं नाही.

वाटेत रबराच्या बागा लागल्या. एका रेषेत लावलेली, एका उंचीची, एका वयाची झाडं. प्रत्येकाच्या सालीवर तिरपा काप आणि खाली चीक गोळा करायची वाटी. लांबून हे सगळं हिरवंगार जंगलच वाटतं. आत पाऊल टाकलं की पाखराचा आवाज नाही.

राईच्या तोंडाशी गावातले एक आजोबा वाट बघत होते. चपला-बूट तिथेच काढायचे. आत्याचे नवेकोरे बूट, लेसची गाठ सुटेना, आजोबा म्हणाले, "सावकास काढा, देव खंय जाणा नाय." मग त्यांनी नारळ ठेवून गाऱ्हाणं घातलं. "बा देवा म्हाराजा, ही मंडळी लांबसून तुझी राई बघूक इली हत. कोणाचो पाय चुकान पडलो, कोणाच्या तोंडातसून वायट शब्द गेलो, तर पोटात घाल, आणि इली तशी घराक पोचय रे म्हाराजा." आम्ही सगळे "व्हय म्हाराजा!" पणजीवाल्यांचा आवाज सगळ्यात मोठा. राईतलं पानसुद्धा घरी न्यायचं नाही, हा नियम आजोबांनी वेगळा सांगितलाच नाही, तो तिथे सगळ्यांना ठाऊकच असतो असं त्यांनी धरलं होतं. सरांनी मात्र दोनदा सांगितला.

आत शिरल्यावर पहिली गोष्ट कळते ती तळपायाला. बाहेर काजूखालचा पाचोळा चुरचुरत होता, जमीन भेगाळायला लागली होती. इथे दहा पावलांत माती ओली, मग चिखल, मग घोट्याएवढं पाणी, आणि तेही गार. फेब्रुवारीत! हा सगळा उथळ व्हाळ, म्हणजे ओढा आहे, बारमाही ओला, आणि त्यातच ही झाडं उभी आहेत. कान्हळ. पुस्तकात मायरिस्टिका मॅग्निफिका. आपल्या मसाल्याच्या डब्यातल्या जायफळाच्याच कुळातलं रानटी झाड. मोठमोठी चकचकीत पानं, उभट सरळ खोड, आणि एका खोडावर जुन्या जखमेतून ओघळून वाळलेला काळपट तांबडा चीक. या झाडाला कापलं की लालच चीक येतो, म्हणून कोयता लावायला हात कचरतो, असं आजोबा म्हणाले.

आता खरं सांगायचं तर पहिल्या नजरेत बरेच जण हिरमुसले. प्राचीन झाडं म्हटल्यावर आम्हाला चार माणसांच्या कवेत न मावणारे बुंधे हवे होते. ही तशी नाहीत. उंच आहेत, पण बुंधा बेताचाच. कोल्हापूरचे गृहस्थ बायकोला हळूच म्हणाले, "आमच्या शेतातला वड याच्या चौपट आहे." असेलही. पण मग सरांनी खाली बघा म्हणून सांगितलं.

चिखलातून मुळं वर आली होती. वर येऊन कमान करून पुन्हा खाली गेलेली, मनगटाएवढी जाड, जिकडे बघावं तिकडे. काही झाडांना खोडाच्या खालच्या भागातून टेकू दिल्यासारखी आणखी मुळं फुटलेली. कायम पाण्याखालच्या मातीत हवा नसते, मुळांचा श्वास कोंडतो. म्हणून ती वर येऊन श्वास घेतात. याला गुडघामुळं म्हणतात हे ऐकल्यावर आत्याने स्वतःच्या गुडघ्यावर हात ठेवला. "बघ गो, ह्येंचेव वर इले." मी वाकून एका कमानीला बोट लावलं. साल खरखरीत, त्यावर बारीक बारीक पुटकुळ्या, आणि आतल्या बाजूला कोळ्याचं जाळं. जाळ्यात पाण्याचा एकच थेंब.

वयाचा प्रश्न निघणारच होता, तो पणजीच्या मुलीने विचारला. किती वर्षांचं असेल हे झाड? सर हसले आणि म्हणाले, खोडाला विचारून उपयोग नाही. थंड प्रदेशात हिवाळ्यात झाडाची वाढ थांबते, म्हणून खोडात दरसाल एक कडं पडतं आणि ती मोजता येतात. आपल्याकडे सागासारख्या पानगळीच्या झाडात अशी कडी दिसतात. पण ज्याच्या पायात बाराही महिने पाणी आणि डोक्यावर सदैव पानं, त्याच्या खोडात वर्षाची तशी खूण पडत नाही. मला हे उत्तर फार आवडलं. जुनं आहे ते इथलं एकेक झाड नव्हे, तर ही सगळी वस्ती. जायफळाचं कूळ फुलझाडांच्या जुन्या शाखांपैकी एक, आणि अशा दलदली सह्याद्रीच्या पायथ्याशी एके काळी कितीतरी जास्त असणार. आता आहेत ते तुकडे, केरळ, कर्नाटक, गोव्यात विखुरलेले. शास्त्रज्ञांनी अशा रानाची नोंद पहिल्यांदा केली ती १९६० मध्ये, त्रावणकोरकडची. महाराष्ट्रातली ही बांबर्ड्याची राई शास्त्राच्या कागदावर यायला २०१८ उजाडावं लागलं. तेव्हा ती सगळ्यात उत्तरेची ठरली. गावाला ती आधीपासून माहीत होतीच, कान्हळाची राई म्हणून.

मग हे रान पसरत का नाही? त्याचं कारण बीमध्ये आहे. आपण भाताचं बियाणं वाळवून वर्षभर कणगीत ठेवतो. या बीला वाळणं म्हणजेच मरण. पडलं की लगेच ओल मिळाली पाहिजे. ककणेरासारखा मोठ्या चोचीचा पक्षी फळ खाऊन बी दूर टाकतो खरा, पण ते कोरड्या डोंगरावर पडलं की संपलं. म्हणजे एक ओली दरी तुटली की पलीकडची दरी आपोआप एकटी पडते. आणि ओल्या दऱ्या तुटल्या त्या आपल्याच हातून. बारमाही पाणी, सावली, गाळाची माती: पोफळीच्या बागेला याहून चांगली जागा कुठली? आमच्या आजोबांनीही अशीच जागा बघून बाग केली असती. मग हीच कशी राहिली? देवाची होती म्हणून. गोव्यात सत्तरीतल्या बांबरला निरंकाराची राई आहे, तिथेही हीच झाडं, तीही देवाच्या नावावरच टिकली. बांबर्ड्याचा हा अडीचेक हेक्टरचा तुकडा आता २००२ च्या जैवविविधता कायद्याखाली वारसास्थळ म्हणून जाहीर झालाय. कायदा आला ते बरंच झालं, पण तो आला तेव्हा राखायला काहीतरी शिल्लक होतं, ते गाऱ्हाणं घालणाऱ्यांनी ठेवलेलं.

एक गोष्ट मात्र डाचली. पंधरा जण अनवाणी का होईना, त्या मुळांमधून चाललो. सर सारखे "मुळावर नको, मुळावर नको" ओरडत होते, तरी चिखलात घसरलं की पाय नेमका कमानीवरच पडायचा. शिवाय रोपं अंगठ्याएवढी, दिसतही नाहीत. आठवड्याला अशा दोन गाड्या आल्या तर? काठावरून बघायची सोय करावी आणि आत कोणालाच सोडू नये, असं मी सरांना म्हटलं. तेही तेच म्हणाले, फक्त तसं केलं तर माणसं येतील का, याची त्यांना खात्री नव्हती. मला वाटतं, न आली तरी चालेल.

जेवण गावातच एका घरी. उकडा भात, कुळथाची पिठी, सुक्या बांगड्याची किसमूर, वर सोलकढी. यावर लिहिण्यासारखं काही नाही, कारण मी काहीच शिल्लक ठेवलं नाही.

परतीच्या वाटेवर आत्या गप्प. मला वाटलं दमली. बांद्याच्या पुढे आल्यावर एकदम म्हणाली, "आपल्या देवळामागे काय उरलाहा गो?" आमच्या मूळ गावी गेल्या वर्षी देवळाचा जीर्णोद्धार निघालाय. कौलं जाऊन स्लॅब, पुढे सभामंडप, खाली चकचकीत फरशी. वर्गणी कमी पडली तेव्हा देवळामागच्या राईतला जुना फणस विकला, हे मला माहीत होतं. आत्याला कोणी सांगितलंच नव्हतं. तिने गाडीतच गावच्या चुलतभावाला फोन लावला, स्पीकरवर, सगळी गाडी ऐकतेय. भाऊ म्हणाला, रीतसर देवाला कौल लावलेला, देवाने उजवा, म्हणजे होकार दिला, मगच तोडला. आत्या म्हणाली, "कौल देवान दिल्यान की काँट्रॅक्टरान?" मागच्या सीटवरून पणजीवाले "व्हय म्हाराजा!" भाऊही हसला, पण मग खाली आवाजात म्हणाला की व्हाळाकडची आणखी तीन झाडं बघून ठेवलीत. शिमगा झाल्यावर गावकीची बैठक आहे, तिथे ठरेल.

घरी आल्यावर हातपाय धुवायच्या आधी तिने माझ्याकडून मुंबईला परतायचं मांडवी एक्सप्रेसचं तिकीट रद्द करून घेतलं. ज्येष्ठांची सवलत बंद झालीच आहे, त्यात रद्द करण्याचे पैसे कापले, त्यावर रेल्वेला दोन शिव्या. मग मला वही घेऊन बसवलं. बैठकीत काय विचारायचं त्याची यादी ती सांगतेय आणि मी लिहितेय. पहिला प्रश्न, फणसाचे पैसे किती आले आणि कुठल्या खात्यात जमा झाले. दुसरा, जमीन सातबाऱ्यावर कोणाच्या नावावर आहे. तिसरा अजून तिला सुचत नाहीये, तोवर मी इथे हे लिहून घेतलं.